वाघजाईचा चढ

"लायसनची मुदत आषाढात संपली," मोटर इन्स्पेक्टर चित्रे म्हणाले. "आता कार्तिक चालू आहे."

"व्हय साहेब," येसाजी म्हणाला. "पर पावसात रस्ता बंद. चार महिने गाडी उभी. मी घरी भात लावत होतो. म्हटलं, गाडी उभी तर लायसनबी उभंच असंल."

चित्र्यांनी वर पाहिलं. माणूस थट्टा करत नव्हता. सकाळपासून हेच कारण सांगणारा तो तिसरा ड्रायव्हर होता. आधीचे दोघे परीक्षेत नापास होऊन समोरच्या हॉटेलात चहा पीत बसले होते.

"लायसनला पाऊस कळत नाही," चित्रे म्हणाले. "परीक्षा पुन्हा द्यावी लागेल."

सर्व्हिस मोटारीचे मालक शरच्चंद्र दातार शेजारीच उभे होते. "आज शिक्का मिळाला तर उद्याची बोर्लीची पहिली गाडी तू ने," ते येसाजीला म्हणाले. "नाही मिळाला तर पेणहून माणूस बोलावतो. साहेब पुन्हा येणार ते शिमग्यानंतर." त्यांच्या आवाजात राग नव्हता. त्यामुळेच येसाजीला घाम फुटला.

रिकामी गाडी कोणीही चढवतो, म्हणून चित्र्यांनी माणसं बसवायला सांगितली. म्हसळ्याच्या बाजाराला आलेली पंचवीसेक माणसं फुकटची फेरी मिळते म्हणून दोन मिनिटांत चढली. त्याच्या गाडीची नेहमीची उतारू मनुबाई, तिने येसाजीच्या पाठीमागचाच बाक धरला. चित्रे त्याच्या शेजारी बसले. मांडीवर शिक्क्याची लाकडी पेटी.

"खिंडीच्या माथ्यापर्यंत न्यायची आणि परत आणायची," ते म्हणाले. "दोन्ही हात चाकावर. गाडी चालू असताना गिअरखेरीज कशासाठीही हात सुटला, की परीक्षा तिथेच संपली. आधीचे दोघे तिथेच गेले."

आधीचे दोघे नेमके कुठे गेले, हे येसाजीला विचारावं लागलं नाही. खिंडीतल्या सर्वांत उभ्या वळणावर वाघजाईचं ठाणं होतं. उजवा हात कपाळाला लावल्याशिवाय या रस्त्याचा एकही ड्रायव्हर तिच्यासमोरून गेलेला नव्हता. येसाजी अकरा वर्षं रोज दोनदा तो हात लावत होता.

गाडी चढाला लागली. मागची बडबड हळूहळू थांबली. वळणावर शेंदूर लावलेला दगड दिसू लागला.

"येसाजी, आई आली रं," मनुबाई हळूच म्हणाली.

येसाजीने गाडी थांबवली. ऐन चढावर, हातब्रेक ओढून. इंजिन बंद केलं. मग सावकाश दोन्ही हात चाकावरून काढले, जोडले, आणि पुन्हा चाकावर ठेवले.

"हे काय?" चित्र्यांनी विचारलं.

"गाडी चालू असताना हात सोडायचा न्हाय म्हणालात. म्हणून बंद केली."

मागे कुणीतरी खाकरलं. चित्रे दार उघडून खाली उतरले, मागच्या चाकापाशी गेले, खिशातली काडेपेटी काढली आणि चाकाला टेकवून मागे उभी ठेवली.

"एरवी मी ही परीक्षा साध्या चढावर घेतो," ते म्हणाले. "तुम्ही जागा निवडलीत. आता सुटा. काडेपेटी चेपली, तर नापास."

"घे!" मनुबाई म्हणाली. "आता आईलाच बोलाव धक्का मारायला."

"मावशे, गप ऱ्हा जरा."

येसाजीने इंजिन चालू केलं. क्लचवरचा पाय इतका हळू उचलला की गाडी नुसती थरथरली. पंचवीस माणसं जणू गाडी वर खेचत असल्यासारखी पुढे वाकली होती. हातब्रेक सुटला. गाडी अर्ध्या बोटानेही मागे न येता वर सरकली आणि दहा पावलांवर जाऊन थांबली.

चित्रे काडेपेटी हातात फिरवून बघत आले. एकही कोपरा दबलेला नव्हता. आत बसून त्यांनी तिच्यातलीच काडी ओढली आणि सिगारेट पेटवली.

"चढ झाला," ते म्हणाले. "उतार राहिला. उतारावर मात्र थांबायचं नाही. हातही सोडायचा नाही. मग शिक्का."

येसाजीने मान हलवली. माथ्यावर गाडी वळली आणि उतरू लागली. आता पळवाट नव्हती. ठाणं जवळ आलं तसा त्याचा उजवा हात चाकावर घट्ट झाला. गाडीतल्या बहुतेकांचे हात कपाळाला गेले होते. त्याने नजर रस्त्यावरून हलवली नाही. ओठ तेवढे हलले.

दगड बाजूला आला, तेव्हा शेजारी हालचाल झाली. चित्र्यांनी सिगारेट डाव्या हातात घेतली आणि उजवा हात कपाळाला लावला.

"हा तुमच्या वाटचा," ते म्हणाले. "समोर बघा."

येसाजीने समोर बघितलं. समोरचं जरा धूसर झालं होतं, पण ते त्याने साहेबांना सांगितलं नाही.

"साहेब," मागून मनुबाई घाईघाईने ओरडली, "माझाबी एक करा! दोन्ही हातांत कोंबड्या हायत!"

सगळी गाडी हसली. चित्र्यांनी मागे वळून खात्री करून घेतली. कोंबड्या खरोखरच होत्या. त्यांनी दुसऱ्यांदा हात कपाळाला लावला आणि मग मांडीवरची शिक्क्याची पेटी उघडली.