पाळीबदल

टॉवेलचा एकच माग दिवसा नागनाथ चालवायचा आणि रात्री त्याचा मुलगा बिरू. दोघांत दोन वर्षं अबोला. पोराचं तोंड बघायला नको म्हणून सात वाजले की नागनाथ सायकलवर टांग टाकायचा. बिरू पाच मिनिटांनी मोटारसायकलवर यायचा. आज सायकल पंक्चर काढायला दिलेली, म्हणून नागनाथ कारखान्यातच अडकला. आठ वाजले तरी बिरूचा पत्ता नाही.

"रोडवर ट्रकनं मोटारसायकलवाल्याला उडवलं म्हणं," कुणीतरी म्हणालं.

नागनाथनं झटकन खिशातून फोन काढला. पण बिरूचा नंबर रागाच्या भरात त्यानंच पुसून टाकलेला.

साडेआठला बिरू धापा टाकत आत शिरला आणि बापाला बघून ओरडलाच, "कुटं हुता आबा? रोज चौकात तुमची सायकल घराकडं वळलेली बघितल्याबिगर मी हिकडं येत न्हाय की!"