तीन शिट्ट्या

सव्वाअकरा वाजून गेले तरी भिंतीपलीकडून शिट्टी आली नाही, तेव्हा अनंतराव अस्वस्थ झाले.

त्यांनी स्वतः नेहमीप्रमाणे, सकाळी पिशवी घेऊन पाय मोकळे करून आल्यावर, अकराच्या ठोक्याला कुकर लावला होता. तळाशी पाणी, भांडं काळं पडू नये म्हणून त्यात लिंबाची फोड. बायको करायची तसंच. त्यांच्या तीन शिट्ट्या झाल्या की शेजारच्या उल्काबाईंच्या तीन व्हायच्या. मग गॅलरीत ठरलेलं बोलणं.

"झाला वाटतं भात?"

"तीन शिट्ट्यांत होतोच. चौथीला चिखल होतो," अनंतराव ठणकावून सांगायचे.

वरच्या मजल्यावरची मुलं बाहेरचं खातात, म्हणून दोघं मिळून त्यांना नावं ठेवत. वाट्यांची देवाणघेवाण मात्र कधी झाली नाही. सदाशिव पेठेत तशी अपेक्षाही कुणी ठेवत नाही.

उल्काबाईंचे यजमान आधी गेले, मग वर्षभरात अनंतरावांची बायको. तेव्हा एकदा उल्काबाई म्हणाल्या होत्या, "तुमच्या शिट्ट्या ऐकल्या की जवळ माणूस असल्यासारखं वाटतं." त्यानंतर चार वर्षांत अनंतरावांनी एक दिवस चुकवला नव्हता. खरं सांगायचं तर पलीकडच्या शिट्ट्यांशिवाय त्यांनाही घास गोड लागत नसे.

त्यांनी जाऊन बेल दाबली. दोनदा. तेवढ्यात दार उघडलं.

"बऱ्या आहात ना?"

"मला काय धाड भरलीये? कुकरची शिट्टीच होत नाहीये."

"रिंग गेली असेल. सरका. खडकीच्या कारखान्यात तीस वर्षं व्हॉल्व्ह तपासलेत मी."

"नको, राहू द्या. अहो, ऐका तरी!"

अनंतराव ऐकणाऱ्यांतले नव्हते. त्यांनी गॅस बंद केला, वाफ जाऊ दिली आणि झाकण उघडलं.

आत नुसतं पाणी होतं आणि चिंचेचा तुकडा. ना डाळ, ना तांदूळ.

उल्काबाईंनी मान फिरवली. "एकटीसाठी काय रांधायचं? कोपऱ्यावरून पोळीभाजी आणते. पण तुम्ही रोज एवढ्या निगुतीनं भात लावता. शेजारी सामसूम आहे असं तुम्हाला वाटू नये, म्हणून..."

अनंतरावांनी झाकणातली रिंग काढून पाहिली. मग त्यांनी ती उलटी करून नीट बसवली.

"घरात तांदूळ आहेत?"

"आहेत थोडे."

"मग काढा. आणि एक सांगा, तीन शिट्ट्यांत भात खरंच होतो का हो? मी कुकरात कधी तांदूळ घालूनच पाहिलेले नाहीत."