सामू बारा पूर्णांक तीन दशांश

शुक्राच्या ढगांत तरंगणाऱ्या तळावर शलाका बर्वे एकटीच होती. ढगांतून गोळा केलेल्या आम्लात आम्लारी मिसळून पाणी करायचं, मिश्रणाचा सामू, म्हणजे पीएच, हाताने काढायचा आणि पृथ्वीवर तपासायला पाठवायचा, हे तिचं रोजचं काम. तपासायला तिचे कॉलेजातले घाटपांडे सर होते. पण कित्येक महिने त्यांच्याकडून 'बरोबर' याखेरीज शब्द आला नव्हता.

त्या दिवशी तिने मुद्दाम चूक केली. आम्लातले हायड्रोजन आयन दहा मोल, आम्लारीतले हायड्रॉक्सिल अकरा, म्हणजे एक उरला. तो मिश्रणाच्या शंभर लिटरने भागायचा, तर तिने पन्नासनेच भागला आणि सामू बाराऐवजी १२.३ लिहिला. या चुकीवर सर वर्गात हमखास ओरडायचे.

वीस मिनिटांनी उत्तर आलं, 'आकारमान चुकले. सामू १२.'

"सर कुठे आहेत?" तिने विचारलं. पुन्हा वीस मिनिटं गेली.

'घाटपांडे यांचे आठ महिन्यांपूर्वी निधन झाले. तपासणी आता यंत्रणा करते.'

रोज आकड्यांखाली ती सरांना चार ओळी लिहायची. झोप लागत नाही, आईचा आवाज आठवेनासा झालाय, असं काहीबाही.

"मग मी लिहिलेलं कोणी वाचलं?"

'आकड्यांखालचा मजकूर वगळला जातो.'

शलाकाने उठून मिश्रणात थोडं आम्ल सोडलं. सामू सातावर आला. तिने तो लिहिला, खाली 'सर' असं लिहिलं आणि पुढच्या चार ओळीही लिहिल्या.