ऑनग्रिड

हाजराबींना दिवसरात्र ऑक्सिजनचं मशीन लागायचं आणि आटपाडीत लाईट कधी जाईल याचा नेम नव्हता. म्हणून त्यांच्या मुलाने, सिकंदरने, गच्चीवर सोलर बसवून घेतलं. त्यानंतर चारच दिवसांनी, मंगळवारी भर दुपारी लाईनची तार तुटली, गावाची लाईट गेली आणि त्याबरोबर मशीनही थांबलं. शेजाऱ्यांनी गाडी काढेपर्यंत हाजराबी गेल्या होत्या.

दफनानंतर सोलर बसवणारा निमिष भेटायला आला. सिकंदर त्याला गच्चीवर घेऊन गेला.

“सूर्य डोक्यावर, आन् तुझं सोलर झोपलं व्हय रं?”

“भाई, हे ऑनग्रिड हाय. म्हंजे गावच्या लाईनला जोडलेलं. लाईन बंद पडली की हे बी आपोआप बंद पडतंय. बिल कमी यावं म्हणून लावत्यात हे. लाईट गेल्यावर चालवायचं तर बॅटरीवालं लागतंय. घरात मशीन हाय, हे तुमी बोलला न्हाईत.”

“पण ऊन हाय तर बंद कशापायी करायचं?”

“आवं, न्हाईतर तुमच्या पॅनेलचा करंट उलटा लाईनीत जाईल की. वायरमन तार जोडत असला, तर खांबावरच चिकटून मरंल.”

पॅनेलवर धूळ बसली होती, ती सिकंदर हाताने पुसत राहिला.



त्या दुपारी तार जोडायला खांबावर चढलेला वायरमन त्याचा सख्खा धाकटा भाऊ होता, कैफ.