पहिला आकडा सोडून द्यायचा

“हे वरण आहे का बोडीचं पानी?” केशवराव ताटावर वाकून पुटपुटले.

“ऐकू येते मले,” शेजारी बसलेली गिरजाबाई म्हणाली. “बीपी कोणाले आहे? मले का?”

केशवरावांनी पुढचा घास कालवला.

तिनेही तेच अळणी वरण भातावर घेतलं. एकटीसाठी दुसरा गंज चुलीवर चढवायची तिची रीत नव्हती. नवरा जे खाईल, तेच ती.

दिवाळीनंतर दोघं आंधळगावच्या आरोग्य शिबिराला गेले होते, केशवरावांचे गुडघे दाखवायला. आलाच आहात तर, म्हणून तिथल्या नर्सबाईने दोघांच्याही दंडाला पट्टा बांधला. परतताना केशवराव वाटभर खिशातला शिबिराचा कागद चाचपत राहिले. घरी आल्यावर म्हणाले, “मले बीपी निघाला. वरचा एकशेसत्तर, खालचा शंभर.”

सून रुचिताने समजावलं. वरचा आकडा हृदय आवळतं तेव्हाचा, खालचा ते विसावतं तेव्हाचा.

“म्हणजे विसाव्यातही सुटका नाही,” केशवराव म्हणाले.

हसण्यासारखं काही नव्हतं. रक्ताचा जोर असाच राहिला तर एखाद्या सकाळी अर्धं अंग लुळं पडायचं. गिरजाबाईची मोठी बहीण मनकर्णाबाई तशीच गेली. बीपी आहे हे कळलं त्या दिवशी तिने भीतीने अंथरूण धरलं, गोळीला हात लावला नाही. तेव्हापासून दुखण्याचं नाव निघालं की गिरजाबाई उठून जाई. नवऱ्याचं मात्र तिने ऐकून घेतलं आणि मिठाची बरणी वरच्या फळीवर ठेवून दिली.

रोज सकाळी ओसरीवर बीपी मोजायची मशीन निघे. आधी पाच मिनिटं बोलायचं नाही, पाय जमिनीला टेकलेले, हात छातीच्या उंचीवर. ती पाच मिनिटं गिरजाबाईला फार आवडत. समोरच्या बोडीवर, त्या लहानशा तळ्यावर, धुकं तरंगत असे. कुठूनतरी उकडलेल्या धानाचा वास येई. एक बगळा धुक्यावर पाय ठेवत चालल्यासारखा दिसे. आणि नवरा इतका जवळ, तरी इतका गप्प, हे तर लग्नानंतर पहिल्यांदाच.

“पयले तुह्या हाताले लाव,” केशवराव म्हणत. “मशीन गरम होऊ दे. पहिला आकडा सोडून द्यायचा असते.”

“किती भेता वो,” म्हणत ती दंड पुढे करी. पट्टा फुगे, भुंग्यासारखा घुमे, सैल होई. ती बगळ्याकडे पाहत राही. तिचा चष्मा आत, मिठाच्या बरणीशेजारी. मग केशवरावांची पाळी. मग रुचिता तळहातावर गोळ्या घेऊन येई. “मामाजी, ही बीपीची. आई, ही तुमची, ताकतीची.”

धुकं विरळ होऊ लागलं होतं. आज गिरजाबाईच्या दंडावरचा पट्टा सैल झाला आणि केशवराव आकड्याकडे पाहतच राहिले. रुचिता त्यांच्या खांद्यावरून वाकली, तिने हसरं तोंड पदराने झाकलं.

“झाली मशीन गरम,” केशवराव कसंबसं म्हणाले. “सोड आता. माही पाळी.”

गिरजाबाईने पट्टा सोडला नाही. बगळा उडाला, तिकडेच पाहत ती म्हणाली,

“पुरे झालं नं आता. सांगा, माहा बीपी उतरला का?”