जुनी जखम, चालू तक्रार

फाइल विमा कंपनीकडून परत आली होती आणि एक्स्प्रेस चूक मान्य करायला तयार नव्हता.

"काकू, छातीत सुरीची जखम. मी छातीत सुरीच्या जखमेचाच कोड टाकला. यात चुकलं काय?"

इस्पितळाच्या तळघरातल्या त्या खोलीत सगळे त्याला एक्स्प्रेसच म्हणत, कारण मधल्या कुठल्या पानावर तो थांबत नसे. डॉक्टरांचे कागद वाचायचे, प्रत्येक दुखण्याला त्याचा ठरलेला कोड लावायचा आणि विमा कंपनीकडे पाठवायचा, हे तिथलं काम. परत आलेल्या फायली काकूंच्या टेबलावर येत. चूक शोधण्यात काकूंचा हात धरणारं तिथे कोणी नव्हतं.

"बघू दे तरी," म्हणत त्यांनी फाइल उघडली.

त्या खोलीत रुग्णांची नावं येत नाहीत, नुसता नंबर येतो. तो नंबर काकूंनी वाचताक्षणी ओळखला.

तीन वर्षांपूर्वी या माणसाची पहिली फाइल त्यांनीच केली होती. डाव्या बाजूला, चौथ्या आणि पाचव्या बरगडीच्या मध्ये, थेट फुप्फुसापर्यंत. शेवटच्या पानावर 'प्रकृती गंभीर, मोठ्या इस्पितळात हलवले' एवढंच होतं. पुढे काही नाही. तेव्हापासून काकू या नंबराची वाट बघत होत्या. मोठ्या इस्पितळात फोन करून चौकशी करावी, तर कुठल्या नात्यानं करणार? घरी मुलाची खोली तेव्हापासून रिकामी होती. काकू ती रोज झाडत, आणि त्या झाडायला लागल्या की नवरा उठून बाल्कनीत जाई. त्यावर दोघं बोलत नसत.

आणि आता त्याच नंबरापुढे ताज्या जखमेचा कोड. पुन्हा कोणी मारलं की काय? की ती जखम कधी भरलीच नाही?

"काकू, बरं नाही का?" साहेब शेजारून जाता जाता थांबले. "चेहरा पांढरा पडलाय तुमचा. ओळखीतलं कोणी आहे का त्या फायलीत? असेल तर दुसऱ्याकडे देऊ. नियम तुम्हीच शिकवता सगळ्यांना."

आपल्या माणसाची फाइल आपण हाताळायची नाही, हा तो नियम.

"नाही साहेब. माझा कोणी नाही तो."

साहेबांनी क्षणभर बघितलं आणि ते पुढे गेले.

काकूंनी डॉक्टरांचं टिपण वाचायला घेतलं. अक्षर नेहमीप्रमाणे मुंग्यांची रांग होतं. जखम पूर्ण भरलेली. जिना चढताना धाप लागते. गारठ्यात व्रणाशी दुखतं. मुलीला कडेवर घेतलं की डाव्या बाजूला ओढ बसते.

ती शेवटची ओळ त्यांनी पुन्हा वाचली. मग चष्मा काढून पदरानं पुसला.

"एक्स्प्रेस, इकडे बैस. जखम भरली का या माणसाची?"

"कधीच भरली."

"मग आज तो आला कशासाठी?"

"धाप लागते म्हणून."

"मग आधी धाप. जखम तिच्यामागून, आणि तिच्या कोडाच्या शेवटी एस हे अक्षर. तू लावलंस ए. ए म्हणजे जखम ताजी, उपचार चालू. एस म्हणजे जखम गेली, मागे ठेवून गेली ते हा भोगतोय. विमावाले म्हणणारच, तीन वर्षं टाके घालताय का?"

"एका अक्षरासाठी एवढं?"

"एवढंच नाही रे. मेलेल्या माणसाला एस लावत नाहीत. एस लागला म्हणजे माणूस जगला."

काकू हे बोलताना हसत होत्या. त्यांना इतकं मोकळं हसताना एक्स्प्रेसनं कधी पाहिलं नव्हतं. चूक सापडली की त्या हसत, पण त्यात हिशेब असे.

"आणि कारण काय टाकू? अपघात टाकतो. उगाच चौकशा नकोत."

"डॉक्टरांनी काय लिहिलंय?"

"हल्ला."

"मग हल्लाच."

तो कोड त्यांनी स्वतः टाकला. बोट किंचित अडखळलं, पण टाकला.

संध्याकाळी दार उघडताच नवऱ्यानं त्यांच्या तोंडाकडे बघितलं.

"अहो, फाइल आली," काकू म्हणाल्या.

तो हातातला टॉवेल तसाच धरून उभा राहिला. "मग?"

"हिंडतोय, फिरतोय. जिना चढताना धाप लागते, तेवढंच. आणि मुलगी आहे हो. कडेवर घेण्याएवढी."

"मुलगी," नवरा म्हणाला आणि मटकन खुर्चीत बसला. टॉवेल तोंडाला लावून तो बराच वेळ रडला. काकूंनी त्याला रडू दिलं. छातीवरचा धोंडा उतरला होता दोघांच्या. तो उतरताना आवाज हा व्हायचाच.

"फोन लाव त्याला," शेवटी तो म्हणाला. "म्हणावं, घरी ये. पुढे जे निस्तरायचं ते मिळून निस्तरू."

मुलाचा नंबर दोघांनाही तोंडपाठ होता. लावायची मात्र तीन वर्षांत एकाचीही छाती झाली नव्हती. काकूंनी तो लावला. तिसऱ्या रिंगला फोन उचलला गेला, पण पलीकडून कोणी बोलेना.

"आई बोलतेय," काकू म्हणाल्या. "ठेवू नकोस, ऐक. तू ज्याला सुरी मारलीस ना, तो जगलाय रे."