रिकामी गव्हाण

नाताळाआधीच्या आगमनकाळाचा शेवटचा दिवस उजाडला, तरी बर्नादेतबाईंना चोविसाव्या काडीपुरतं काम सापडेना.

नेम साधाच होता. डिसेंबर लागला की रोज एक चांगलं काम करायचं आणि पेंढ्याची एक काडी लाकडी गव्हाणीत ठेवायची, म्हणजे नाताळच्या रात्री बाळ येशूला अंथरूण होतं. पण भावाभावांच्या वाटणीत सासूबाईंची गव्हाण त्यांच्याकडे आली आणि बाळाची मूर्ती शेजारी, धाकट्या जावेकडे गेली. त्यावरून बिनसलं ते असं, की नऊ वर्षं दोघींत शब्द नव्हता.

"अंथरूण आपल्याकडे आणि बाळ शेजारी," नवऱ्यानं चहा पिता पिता टोमणा मारला. "यंदाही बाजारातलंच निजवणार ना?"

त्या उठल्या. गव्हाण उचलली, कुंपणाला वळसा घातला आणि जावेचं दार वाजवलं.

जावेनं आधी गव्हाणीकडे पाहिलं, मग त्यांच्याकडे. "बाळ मागायला आलात?"

वाटभर त्यांनी तेच तर घोकलं होतं. पण आत घरातल्या आल्तारावर, क्रुसापुढे, बिस्किटाच्या डब्याच्या झाकणात, घडी घातलेल्या टॉवेलावर बाळ निजलेलं दिसलं.

"नाही गं," त्या म्हणाल्या. "गव्हाण द्यायला आले."

जावेनं गव्हाण दोन्ही हातांनी घेतली. मग मान वळवून तिनं आत हाक मारली,

"अहो, खुर्ची आणा. वहिनी आल्यात तुमच्या."